मुक्तिफौजेची काडेपेटी: ओल्ड फोर्डच्या कारखान्याची दहा वर्षं

१८९१ च्या मे महिन्यात पूर्व लंडनमधल्या ओल्ड फोर्ड वस्तीत, लॅम्प्रेल स्ट्रीटवर, काडेपेट्यांचा एक लहानसा कारखाना सुरू झाला. त्या भागाला काडेपेट्या नव्या नव्हत्या. जवळच बो इथे ब्रायंट अँड मे कंपनीचा अवाढव्य फेअरफिल्ड कारखाना १८६१ पासून चालू होता आणि आसपासच्या गल्ल्यांमध्ये बायकापोरं घरोघरी खोकी चिकटवत बसलेली असत. वेगळा होता तो नव्या कारखान्याचा मालक. तो होता साल्व्हेशन आर्मी, म्हणजे आपण जिला मुक्तिफौज म्हणतो ती संघटना. गणवेश घालून, बँड वाजवत, चौकाचौकात उभं राहून पापी माणसाला येशूच्या नावाने हाक मारणारी ही माणसं. तारणाचा संदेश सांगणाऱ्यांनी काड्यांना गूल लावण्याच्या धंद्यात का पडावं, त्यातून काय साधलं, आणि दहाच वर्षांत तो कारखाना त्यांच्या हातून का गेला, हे या प्रकरणात पाहायचं आहे.

विष काडीच्या टोकाला होतं

हे प्रकरण समजून घ्यायचं तर आधी रसायनाची ओळख हवी. त्या काळची स्वस्त काडी कुठेही घासली तरी पेटायची: भिंतीवर, बुटाच्या तळाला, विटेवर. कारण तिच्या गुलातच पांढरा फॉस्फरस असे. हा फॉस्फरस हवेत धुमसतो आणि त्याची वाफ कारखान्यात सतत भरून राहते. गूल लावणारे, काड्या वाळवणारे, खोक्यांत भरणाऱ्या मुली, सगळे ती वाफ दिवसभर श्वासातून घेत. बहुतेक जणी कामाच्याच जागी आणलेला पाव खात, म्हणजे ती पोटातही जाई.

किडलेल्या दातातून हे विष जबड्याच्या हाडापर्यंत पोचत असे. आधी दातदुखी, मग सूज, मग पू आणि असह्य दुर्गंधी. हाड आतून कुजत जाई. जबडा कापून काढणं हाच उपाय होता आणि रोग जडलेल्यांपैकी साधारण पाचांतला एक दगावत असे. कामगारांच्या बोलीत या रोगाला 'फॉसी जॉ' म्हणत. व्हिएन्नामधल्या लोरिन्सर नावाच्या डॉक्टरांनी १८४५ मध्येच त्याचं वर्णन प्रसिद्ध केलं होतं. हा रोग कोणालाही माहीत नव्हता असं १८९१ मध्ये म्हणायची सोय नव्हती.

पर्यायही तितकाच जुना होता. त्याच व्हिएन्नामध्ये आंटोन श्रोटर यांनी तांबडा फॉस्फरस वेगळा ओळखला. तो विषारी वाफ सोडत नाही. स्वीडनमध्ये पाश आणि पुढे लुंडस्ट्रम यांनी त्यावरून 'सेफ्टी' काडी तयार केली. तिच्या गुलात फॉस्फरस नसतोच. तांबडा फॉस्फरस खोक्याच्या कडेच्या पट्टीला लावलेला असतो, म्हणून काडी त्या पट्टीवरच घासावी लागते. आज आपल्या घरात असते ती हीच. ब्रायंट अँड मे यांनी १८५५ मध्ये तिचे ब्रिटनमधले हक्क घेतले होते आणि ते ती बनवतही होते. पण कुठेही पेटणारी काडी स्वस्त पडे, सोयीची वाटे, आणि तिचाच खप मोठा होता. विलियम ब्रायंट आणि फ्रान्सिस मे हे कंपनीचे संस्थापक क्वेकर पंथाचे, म्हणजे धर्मभीरू लोक. धर्माची चाड असलेल्या माणसांनी उभारलेल्या कारखान्यातच हे चालू होतं, ही गोष्ट मला या सगळ्या हकिकतीत फार बोचते.

सुवार्तेकडून अन्नाकडे

मुक्तिफौजेची सुरुवात कारखान्यापासून पुष्कळ दूर झाली. नॉटिंगहॅमचे विल्यम बूथ तेराव्या वर्षी सावकाराच्या गहाणवटीच्या दुकानात उमेदवारीला लागले. शेवटची भांडी आणि अंथरुणं गहाण टाकायला येणारी माणसं त्यांनी तिथे पाहिली. पुढे ते मेथडिस्ट या ख्रिस्ती पंथाचे उपदेशक झाले. पंथाच्या संस्थेने एका जागी बांधून ठेवायचा आग्रह धरला तेव्हा १८६१ मध्ये ते बाहेर पडले आणि १८६५ च्या जुलैत व्हाइटचॅपेलमधल्या क्वेकरांच्या जुन्या दफनभूमीवर तंबू ठोकून त्यांनी प्रवचनं सुरू केली. त्यातून 'क्रिश्चन मिशन' उभं राहिलं आणि १८७८ मध्ये तिचं नाव साल्व्हेशन आर्मी झालं. बूथ 'जनरल' झाले, उपदेशक 'अधिकारी' झाले, मंडळ्या 'कोअर' झाल्या. १८८२ च्या सप्टेंबरात फ्रेडरिक टकर चार जणांची तुकडी घेऊन मुंबईत उतरले तेव्हापासून आपल्याकडेही ही फौज आहे. नगरचं बूथ हॉस्पिटल हे याच घराण्याचं नाव.

विल्यम यांच्या पत्नी कॅथरीन बूथ यांचा वाटा स्वतंत्रपणे सांगायला हवा. स्त्रीला व्यासपीठावरून उपदेश करण्याचा अधिकार आहे, हे त्यांनी १८५९ मध्येच पुस्तिका लिहून मांडलं आणि पुढे स्वतः करून दाखवलं. फौजेत बायका अधिकारी झाल्या त्या यामुळे. झोपडपट्ट्यांत घरोघर जाऊन आजाऱ्यांची घाण काढणाऱ्या, बाळंतिणींपाशी बसणाऱ्या तरुण मुली याच फौजेच्या होत्या. घरात चाललेली खोकी चिकटवण्याची मजुरी सभागृहात बसून कळत नाही. ती या मुलींनी डोळ्यांनी पाहिली.

सुरुवातीला बूथ यांचा भर आत्म्याच्या तारणावरच होता. दान दिल्याने माणूस सुधारत नाही, अंतःकरण बदललं की सुधारतो, असं त्या काळच्या बहुतेक सुवार्तिकांप्रमाणे त्यांनाही वाटे. ते मत हळूहळू पालटलं. फौजेत पिढ्यान्पिढ्या सांगितली जाणारी एक गोष्ट आहे: १८८७ च्या हिवाळ्यात एका रात्री लंडन ब्रिजवरून जाताना बूथ यांना पुलाच्या कोनाड्यांत कुडकुडत झोपलेली माणसं दिसली आणि सकाळी त्यांनी मुलाला, ब्रॅमवेलला, 'काहीतरी कर' असं फर्मावलं. पुढच्याच वर्षी लाइमहाउसमध्ये स्वस्त जेवणाचं आणि रात्रीच्या निवाऱ्याचं केंद्र उघडलं.

१८८८ चा संप

त्याच उन्हाळ्यात बोमध्ये वेगळंच काही घडत होतं. अॅनी बेझंट या बाई आपल्याला थिऑसॉफी आणि होमरूलमुळे माहीत आहेत. त्या वेळी त्या निरीश्वरवादी आणि समाजवादी होत्या. २३ जून १८८८ रोजी त्यांनी आपल्या 'द लिंक' या पत्रात फेअरफिल्ड कारखान्याबद्दल लेख लिहिला. सोळा वर्षांच्या मुलीला आठवड्याला चार शिलिंग, त्यातून पाय मळके असल्याबद्दल, बोलल्याबद्दल, बाकाखाली कचरा राहिल्याबद्दल दंड. आणि भागधारकांना २३ टक्के लाभांश. कंपनीने मुलींकडून लेख खोटा असल्याचं लिहून घ्यायचा प्रयत्न केला, त्यांनी सह्या दिल्या नाहीत, आणि जुलैच्या सुरुवातीला सुमारे १४०० बायका-मुली कामावरून बाहेर पडल्या. दोन आठवड्यांच्या आत त्या जिंकल्या. दंड रद्द झाले, जेवायला वेगळी खोली कबूल झाली, संघटनेला मान्यता मिळाली.

मात्र फॉस्फरस तसाच राहिला. आणि कारखान्याबाहेर, घरात खोकी चिकटवणाऱ्यांचा या समेटात काही वाटा नव्हता. त्यांची मजुरी ग्रोसवर, म्हणजे १४४ नगांवर, सव्वादोन ते अडीच पेन्स. खळ आणि बांधायची दोरी त्यांनी स्वतःची आणायची. अडीच पेन्सच्या दराने एक शिलिंग, म्हणजे बारा पेन्स, हातात पडायला जवळजवळ सातशे खोकी करावी लागत. म्हणून चार-पाच वर्षांची पोरंही कामाला बसत. संप करायला निदान एक दार लागतं, ज्यातून सगळ्यांनी मिळून बाहेर पडायचं. या बायकांना ते दारच नव्हतं.

बूथ यांचा निर्णय

ऑक्टोबर १८९० मध्ये दोन गोष्टी पाठोपाठ घडल्या. ४ तारखेला कॅथरीन बूथ कर्करोगाने गेल्या. त्याच महिन्यात बूथ यांचं 'इन डार्केस्ट इंग्लंड अँड द वे आउट' प्रसिद्ध झालं. पत्नीच्या आजारपणातच ते तयार झालं होतं, डब्ल्यू. टी. स्टेड या पत्रकारांचं त्यात मोठं साहाय्य होतं आणि ते अर्पण केलं होतं कॅथरीन यांच्या स्मृतीला. नाव घेतलं होतं शोधप्रवासी स्टॅन्ली यांच्या आफ्रिकेवरच्या ताज्या ग्रंथावरून: अंधारं जंगल शोधायला इतकं लांब कशाला, ते लंडनमध्येच आहे. देशातली एक दशांश माणसं, सुमारे तीस लाख, बुडालेली आहेत असा त्यांचा हिशेब होता. टांग्याचा घोडा रस्त्यात पडला तर त्याला आधी उठवतात, आणि जिवंत आहे तोवर त्याला दाणा, तबेला आणि काम मिळतं. माणसाला निदान एवढं तरी मिळावं, असं त्यांनी लिहिलं. जगण्याच्या धडपडीतच सारा जीव अडकलेल्यापुढे सुवार्ता सांगून काय होणार, असा थेट प्रश्न या आयुष्यभर प्रवचन करणाऱ्या माणसाने विचारला. माझ्या मते फौजेच्या इतिहासातलं खरं वळण इथे आहे.

योजनेसाठी त्यांनी एक लाख पौंड मागितले आणि काही महिन्यांत ते जमलेही. टीका झाली. शास्त्रज्ञ टी. एच. हक्सली यांनी 'टाइम्स'मध्ये पत्रांमागून पत्रं लिहून विचारलं, की एका माणसाच्या शब्दावर चालणाऱ्या उन्मादी फौजेच्या हाती इतका पैसा आणि इतकी सत्ता का द्यावी. प्रश्न रास्त होता. पुढे चौकशी समिती बसली, तिच्यात एडविन वॉटरहाउस यांच्यासारखे नामांकित हिशेबतपासनीस होते. १८९२ च्या डिसेंबरात तिने पैसा ठरलेल्या कामालाच लागल्याचा निर्वाळा दिला.

या योजनेत निवारे होते, शेतवसाहत होती (एसेक्समधलं हॅडली), कामधंदा मिळवून देणारी कचेरी होती. काडेपेटीचा कारखाना त्या मानाने लहान बाब. पण त्याचा विचार वेगळा होता. निवारा पडलेल्याला उचलतो; कारखान्याने माणूस पडतो ती जागाच बदलायचं मनावर घेतलं होतं. तक्रार करायची नाही, अर्ज करायचा नाही. हीच वस्तू, याच वस्तीत, विषाशिवाय आणि बऱ्या मजुरीत बनवून बाजारात ठेवायची, म्हणजे 'असं परवडत नाही' हे उत्तरच उरणार नाही.

कारखाना कसा चालला

शंभर-सव्वाशे कामगार, बहुतेक बायका. जागा हवेशीर आणि उजेडाची. चहा करायची आणि हातपाय धुवायची सोय. फक्त तांबडा फॉस्फरस. खोक्यांच्या ग्रोसला चार पेन्स: म्हणजे जिथे शिलिंगसाठी जवळजवळ सातशे खोकी लागत तिथे आता ४३२ पुरली. कागदावर हा फरक दीड पेन्सचा दिसतो, पण घरात तो एका पोराच्या झोपेचा होता.

खोक्यावर नाव छापलं, 'लाइट्स इन डार्केस्ट इंग्लंड'. इंग्रजीत काडीलाही 'लाइट' म्हणतात, त्यामुळे नाव आणि माल एकच झाले. सोबत रास्त कामाला रास्त मजुरी असल्याची ग्वाही. उत्पादन वर्षाला साठ लाख पेट्यांपर्यंत गेल्याचं सांगितलं जातं. बूथ खासदारांना आणि पत्रकारांना बोलावून कारखाना दाखवत, आणि तिथून त्यांना खोकी चिकटवणाऱ्या मजुरांच्या घरीही नेत. आधी उजेडाची खोली, मग अंधारी. या क्रमातच त्यांचं म्हणणं होतं.

विक्रीची युक्ती तर आजच्या ग्राहक चळवळीच्या कितीतरी आधीची. काडेपेटी घेणाऱ्यांचा एक संघ काढला. सभासदाने आपल्या दुकानदाराकडे जाऊन हीच काडेपेटी मागायची; नाही म्हणाला तर पुन्हा जायचं, आणि तो माल ठेवीपर्यंत त्याचा पिच्छा सोडायचा नाही. देशभर कोअर पसरलेल्या, पबमध्ये शिरून 'वॉर क्राय' हे आपलं पत्र विकायची सवय असलेल्या संघटनेला हे जमण्यासारखं होतं. दुसऱ्या कोणा कारखानदाराकडे फुकट राबणारे इतके विक्रेते नव्हते.

घोडं कुठे अडलं

अडलं ते किमतीत. तांबडा फॉस्फरस महाग, मजुरी जास्त, कारखाना छोटा. शेजारी ब्रायंट अँड मे प्रचंड प्रमाणावर, यंत्रांनी माल काढत होते. मुक्तिफौजेची पेटी दुकानात महागच राहिली.

आता ती घेणार कोण? चर्चला जाणारी, चार पैसे बाळगून असलेली मध्यमवर्गीय माणसं घेत होती, सदसद्विवेकाला स्मरून घेत होती, आणि त्यांच्याबद्दल मला आदर आहे. पण काडेपेटीचा खप गरिबांच्या घरात असतो. चूल, दिवा, विडी, सगळ्याला काडी. ज्या बाईची बहीण फेअरफिल्डमध्ये जबडा गमावून बसली, तीसुद्धा दुकानात गेल्यावर स्वस्त पेटीच उचलणार, कारण उरलेल्या अर्ध्या पेनीत पाव येतो. बूथ यांनी कामगाराची बाजू नीट ओळखली होती. काडेपेटीची गरीब गिऱ्हाईक हीसुद्धा तीच बुडालेली एक दशांश माणसं आहेत, ही गोष्ट या हिशेबात कमी पडली असं मला वाटतं.

शिवाय सेफ्टी काडीतही स्पर्धा होतीच. स्वीडनहून त्या ढिगाने येत. त्यामुळे सुरक्षित पण स्वस्त हवी असेल त्याने स्वीडिश घ्यावी, आणि नुसती स्वस्त हवी असेल त्याने विषारी. मुक्तिफौजेच्या वाट्याला उरला तो धर्मकार्य म्हणून घेणारा.

२६ नोव्हेंबर १९०१ रोजी कारखाना बंद होऊन ब्रायंट अँड मे कंपनीच्या ताब्यात गेला. त्याच वर्षी त्या कंपनीने पांढरा फॉस्फरस वापरणं सोडल्याचं जाहीर केलं होतं.

श्रेय कोणाचं

या दोन घटना शेजारी ठेवून बऱ्याचदा सांगितलं जातं, की मुक्तिफौजेने ब्रायंट अँड मे यांना वाकवलं आणि काम झाल्यावर दुकान मिटलं. ही मांडणी मलाही आवडली असती. पण मधली वर्षं नीट पाहिली तर ती टिकत नाही.

१८९५ च्या कारखाना कायद्याने फॉस्फरसच्या विषबाधेची प्रत्येक घटना सरकारला कळवणं सक्तीचं केलं. १८९८ मध्ये उघड झालं की ब्रायंट अँड मे यांनी अशा १७ घटना लपवल्या होत्या आणि त्यांतले सहा जण मेले होते. दंड झाला जेमतेम २५ पौंड. पण अब्रूचे धिंडवडे निघाले. १८९९ मध्ये थॉर्प, ऑलिव्हर आणि कनिंगहॅम यांनी सरकारसाठी तपास करून अहवाल दिला. तेवढ्यात फ्रान्समध्ये सेव्हेन आणि काहेन यांनी फॉस्फरस सेस्क्विसल्फाइड वापरून कुठेही पेटणारी पण जबडा न कुजवणारी काडी काढली होती. तिथल्या सरकारी मक्तेदारीने १८९८ पासून ती स्वीकारली. आता सोय आणि सुरक्षितता एकाच काडीत आली. आणि अमेरिकेची डायमंड मॅच कंपनी लिव्हरपूलजवळ अखंड चालणारी यंत्रं लावून बसली होती. १९०१ मध्ये ब्रायंट अँड मे यांना तिच्याशी हातमिळवणी करावी लागली. कायदा, बेअब्रू, नवं रसायन आणि बलाढ्य प्रतिस्पर्धी हे चारही जमून आल्यावर विष गेलं. ओल्ड फोर्डच्या शंभर-सव्वाशे बायकांच्या कारखान्याने एकट्याने ते घालवलं नाही.

तरी त्याला निष्फळ म्हणायला मी तयार नाही. दहा वर्षं रोज तिथून विषाविना काडी बाहेर पडत होती, आणि ती पाहायला खासदार येऊन गेले होते. सरकारने तपास बसवला तेव्हा 'हे अशक्य आहे' असं कारखानदारांना छातीठोकपणे म्हणता येणं अवघड होतं; शेजारच्याच रस्त्यावर ते शक्य झालं होतं. आणि ज्या बायकांना त्या काळात चार पेन्स मिळाले, त्यांच्यासाठी ती दहा वर्षं पुढच्या कायद्याची पूर्वतयारी नव्हती, ते त्यांचं आयुष्य होतं. उपकार मोजताना आपण नेहमी शेवटचा निकाल पाहतो. या खोल्यांमधल्या मुलींचे जबडे शाबूत राहिले, हाही निकालच आहे.

एक दोष मात्र नोंदवायला हवा. बेझंट आणि बूथ एकाच वस्तीत, तीन वर्षांच्या अंतराने, एकाच कंपनीविरुद्ध उभे होते. बेझंट यांच्याकडे संघटित कामगार होते, बूथ यांच्याकडे भांडवल आणि देशभरचे स्वयंसेवक. ते एकत्र आले नाहीत. बेझंट देव मानत नव्हत्या. बूथ यांना संप आणि राजकारण नको होतं. कारखान्याने कायद्याची मागणी पहिल्या दिवसापासून तितक्याच जोराने लावून धरली असती, आणि काडेपेटी मागणाऱ्या संघाने दुकानदाराइतकाच पिच्छा आपल्या खासदारांचा पुरवला असता, तर काही वर्षं वाचली असती असं मला मनापासून वाटतं. फिनलंडने पांढऱ्या फॉस्फरसवर १८७२ मध्ये आणि डेन्मार्कने १८७४ मध्ये बंदी घातली होती; कायदा हे काही अनोळखी हत्यार नव्हतं.

ब्रिटनचा कायदा झाला १९०८ मध्ये. पांढऱ्या फॉस्फरसवर बंदी घालणाऱ्या १९०६ च्या बर्नमधल्या आंतरराष्ट्रीय करारावर ब्रिटनने आधी सही केली नव्हती, ती भूमिका बदलली. भारतातही १९१३ मध्ये तसाच कायदा आला. ब्रिटनमध्ये अंमल सुरू झाला १ जानेवारी १९१० पासून: पांढऱ्या फॉस्फरसच्या काड्या बनवायच्या नाहीत, आणायच्या नाहीत, विकायच्या नाहीत. बूथ तेव्हा ऐंशी वर्षांचे होते आणि त्यांची दृष्टी जवळजवळ गेली होती. त्या दिवसापासून बो किंवा व्हाइटचॅपेलमधली बाई दुकानात शिरली की तिला काही निवडावं लागत नव्हतं. हाताशी येईल ती सगळ्यांत स्वस्त पेटी तिने घ्यावी, घरी यावं आणि दिवा लावावा.